घंगाळभर पंच

"विश्वास ठेवूच नकोस," मी रोहनला आधीच सांगून टाकलं. "आजवर कुणी ठेवलेला नाही. पण एका घंगाळभर पंचानं एका माळकरी चेअरमनला फुगडी घालायला लावली, दोन हाडवैऱ्यांना एकमेकांच्या गळ्यात पाडलं आणि एका सरळमार्गी तरुणाचं आयुष्य बिघडवलं. हे सगळं मी ह्या डोळ्यांनी पाहिलंय. त्यातला तरुण तर मीच."

रोहन आमचा नातजावई. आमची नात जुई हिच्या वाढदिवसाची पार्टी आमच्या गच्चीवर ठरली होती. हा पठ्ठ्या दुपारपासून आमच्या ओट्याशी उभा राहून काचेच्या मोठ्या भांड्यात संत्र्याच्या फोडी सोडत होता. एका हातात रमची बाटली, दुसऱ्या हातात मोबाईल, आणि मोबाईलमध्ये कृती.

"आजोबा, ह्यात लिहिलंय, रम आवडीनुसार. आता आवडीनुसार म्हणजे किती?"

"आवडीनुसार!" मी खुर्ची पुढे ओढली. "अरे, मीठ आवडीनुसार घालतात. पंचाची ताकद ही मोजायची गोष्ट आहे. ती चुकली की काय होतं ते ऐक."

जुई टेबलाशी लिंबं कापत होती. ती म्हणाली, "झालं. सुरू झाली साखर कारखान्याची गोष्ट."

खिडकीशी आमच्या सौ. मटार सोलत बसल्या होत्या. त्यांनी मान वर केली नाही, पण सोलायचा वेग मंदावला. म्हणजे कान इकडे.

तर पंचगंगेच्या काठी एक साखर कारखाना होता. नाव सांगत नाही, त्यांची अब्रू आहे. तिथे प्रयोगशाळेत मी केमिस्ट होतो. पण हंगामी. हंगामी म्हणजे ऊस आला की आपण यायचं आणि ऊस संपला की वळकटी बांधून घरी जायचं. बाकीची माणसं कायम. कायम माणसाला क्वार्टर, क्वार्टरपुढे पेरूचं झाड आणि लग्नाच्या बाजारात भाव. हंगामी माणसाला कॉट मिळायची, तीही पावसाळ्यात परत घ्यायचे.

आमचे चीफ केमिस्ट रेगेसाहेब. गोरेपान, इस्त्रीचे, बोलण्यात अत्यंत सभ्य. मात्र तरुणपणी ते तीन महिने ट्रेनिंगला मॉरिशसला गेले होते, आणि मनानं अजून परत आले नव्हते. पाऊस आला की मॉरिशसचा पाऊस. चहा आला की मॉरिशसचा चहा. त्यांची मुलगी शरयू. आता शरयू कोण ते ह्या घरात सगळ्यांना ठाऊक आहे, पण गोष्टीत ती अजून रेगेसाहेबांचीच मुलगी आहे, तेव्हा तिथेच राहू दे.

"आजी, ऐकतेस ना?" जुईनं विचारलं.

"मटार सोलतेय," खिडकीतून उत्तर आलं.

शरयू बी.एस्सी. झालेली. दुपारी वडिलांचा डबा घेऊन प्रयोगशाळेत यायची. आम्ही तिथे उसाच्या रसात हायड्रोमीटर सोडून साखर मोजत असू. हायड्रोमीटर म्हणजे काचेची बंद नळी, बुडाशी शिसं, अंगावर आकडे. रसात साखर जितकी जास्त तितकी नळी वर तरंगते. मी नळी वाचून म्हणायचो, "अठरा." मागून आवाज यायचा, "अठरा पॉइंट दोन." मी वाकून बघायचो. अठरा पॉइंट दोनच असायचं. सगळ्या हंगामात आमचं एकमेकांशी बोलणं ते एवढंच. पण तुला सांगतो रोहन, त्या 'पॉइंट दोन'साठी मी मुद्दाम चुकीचं वाचायला लागलो होतो.

त्या वर्षी कारखान्याला साखरेचा उतारा, म्हणजे उसातून निघणारी साखर, असा पडला की आसपासच्या कारखान्यांची झोप उडाली. गाळप संपलं आणि रेगेसाहेबांनी मला खोलीत बोलावलं.

"पोंक्षे, परवा माझ्या बंगल्यावर स्टाफची पार्टी. मी पंच द्यायचं ठरवलंय. मॉरिशसला असताना..."

"हो साहेब."

"अजून मी काही सांगितलेलं नाही. पंच म्हणजे फळांचे रस, साखर, लिंबू, बर्फ आणि रम. पण खुबी सगळी ताकदीत. पुरुषांना वाटलं पाहिजे की आहे. बायकांना वाटलं पाहिजे की नाही. ह्या दोहोंच्या मधे जो आकडा येतो, तो तुम्ही काढायचा."

"तो आकडा साधारण कुठे असतो, साहेब?"

"मॉरिशसला आठ टक्के होता," ते म्हणाले. मग आवाज खाली आणून म्हणाले, "हे नीट जमवलंत तर मी चेअरमनसाहेबांकडे तुमच्यासाठी शब्द टाकतो. किती वर्षं हंगामी राहणार? आणि हो, परवा मदतीला माणूस नाही घरी. शरयू दुसऱ्या दिवशी सकाळी मुंबईला जातेय, मामाकडे. तिची बांधाबांध चाललीय. एक मुलगा बघायचाय. फ्रीजच्या कंपनीत आहे."

आता बघा माझी अवस्था. परवा पार्टी. तेरवा सकाळी ही मुंबईला आणि मी वळकटी घेऊन एस.टी. स्टँडवर. तिकडे तो फ्रीजवाला. उन्हाळ्याच्या तोंडावर ज्याच्याकडे फ्रीज आहे त्याच्यापुढे, ज्याच्याकडे कॉटसुद्धा नाही असा माणूस काय उभा राहणार? मला कायम व्हायचं होतं, आणि कायम व्हायचा रस्ता त्या पंचातून जात होता. मी आयुष्यात कधी दारूचा थेंब चाखलेला नव्हता. पण मोजायला चाखावं कशाला लागतं? आम्ही प्रयोगशाळेतली माणसं. आम्ही साखरसुद्धा चाखून बघत नसू.

"म्हणजे तुम्ही चव न घेता पंच केलात?" रोहननं आ वासला.

"चवीवर विसंबतो तो आचारी. पुढे ऐक."

पार्टीच्या दिवशी रेगेसाहेबांच्या मागच्या अंगणात कल्हई करून घेतलेलं भलंमोठं पितळी घंगाळ मांडलं. संत्र्यांचा रस आणि फोडी, अननसाचा रस, लिंबं, आलं, जायफळ. साखरेला तर तोटाच नव्हता, आमच्याकडे पोत्यानं. दुपारी सुभेदार साळोखे आले. हे आमचे सिक्युरिटीचे प्रमुख, फौजेतून निवृत्त झालेले. त्यांच्या कँटीनच्या कोट्यातून रम आली होती. बाटल्या त्यांनी स्वयंपाकघरामागच्या कोठीत ओल्या गोणपाटात ठेवल्या, बाहेर येऊन रेगेसाहेबांना कडक सॅल्यूट ठोकला आणि म्हणाले, "साहेब, एक बातमी हाय. आबासाहेब येणार हायती. आक्कासाहेबांना घिऊन."

रेगेसाहेबांच्या हातातलं जायफळ खाली पडलं.

आबासाहेब म्हणजे चेअरमन. गळ्यात तुळशीची माळ. कांदा खाल्लेला माणूस शेजारी बसला तरी खुर्ची सरकवणारे. त्यांच्या नाकापुढे घंगाळभर रम!

"रद्द करू या, साहेब," मी म्हटलं.

"रद्द कसं करता? भोपटकरांना सांगून बसलोय मी!"

भोपटकर म्हणजे चीफ इंजिनिअर. ह्यांचं आणि रेगेसाहेबांचं तीन हंगाम बोलणं नव्हतं. साखर कमी पडली की रेगे म्हणायचे, तुमच्या गिरणीनं चिपाडात रस ठेवला. भोपटकर म्हणायचे, तुमच्या नळ्या खोट्या. मधे कारकून ठेवून भांडायचे दोघं.

शेवटी असं ठरलं की आबासाहेबांना निराळ्या तांब्यातून कोकमाचं सरबत द्यायचं, आणि घंगाळाकडे त्यांची पाठ करून खुर्ची मांडायची. रेगेवहिनी हे सगळं स्वयंपाकघराच्या दारातून ऐकत होत्या. त्या आत गेल्या आणि त्यांनी चहाचं आधण ठेवलं. असं मोठं आधण, की मला वाटलं पाहुण्यांना आधी चहा द्यायचाय. पण चहा काही बाहेर आला नाही. मीही विचारलं नाही, माझ्या डोक्यात आठ टक्के.

संध्याकाळी पाच वाजता शरयूनं एकेक बाटली आणून माझ्या हातात दिली आणि मी ती घंगाळात ओतली. रंग झकास लालसर आला. वास आला. रेगेसाहेब डोळे मिटून थेट मॉरिशसच्या राजधानीत पोचले. म्हणाले, "पोर्ट लुई!"

मग मी शेजारच्या डिस्टिलरीतून उसनी आणलेली खास दारू मोजायची नळी काढली. ह्या नळीचा हिशेब उलटा. दारू जितकी जास्त तितकी ती खाली बुडते. भोपटकर लवकर आले होते आणि लांब उभे राहून आकाशाशी बोलल्यासारखं बोलत होते.

"आता ह्यातही नळी घालणार म्हणे. माणसं प्यायची सोडून मोजतायत."

मी नळी सोडली. नळी बुडेना. शून्याच्या खुणेच्याही वर, बगळ्यासारखी एका पायावर उभी राहिली.

"शून्याच्याही वर!" भोपटकर आकाशाला म्हणाले. "म्हणजे ह्यांच्या पंचानं बाहेरची दारू शोषून घ्यायला सुरुवात केली."

"पोंक्षे, अजून एक बाटली!" रेगेसाहेब ओरडले.

मी ओतली. नळी हलली नाही. आणखी एक. नळी तशीच. शरयू पलीकडे उभी होती. पदराच्या टोकाशी चाळा करत तिनं विचारलं, "कितीही ओतलं तरी बुडणार नाही का ती?"

"त्याचं असं आहे," मी तिला म्हटलं, आणि हे माझं तिच्याशी पहिलं लांब वाक्य, "की साखर नळीला वर ढकलते आणि दारू खाली ओढते. साखर एवढी आहे की नळी गोंधळलीय. खरी ताकद काढायची तर नमुना नेऊन त्याचा अर्क काढायला पाहिजे. साखर मागे राहील, दारू वाफेनं पुढे जाईल, मग ती थंड करून त्यात नळी सोडायची."

"मग काढा ना अर्क," ती म्हणाली. का कोण जाणे, तिचा चेहरा उतरल्यासारखा वाटला.

मी पंचाची बाटली भरून सायकलवर प्रयोगशाळेत पळालो. कारखाना बंद. एवढ्या मोठ्या आवारात फक्त कबुतरं. मी चंबू चढवला, खाली दिवा लावला, वाफ थंड करून थेंब थेंब अर्क जमवला. त्यात नळी सोडली, आणि रोहन, काय सांगू! नळी टपकन तळाला गेली. नुसती गेली नाही, तळाला आपटून तिच्या बुडाची काच तडकली. आठ कसले, तिथे मोजायला आकडेच उरले नव्हते. आम्ही साखरेच्या नादात दुप्पट तिप्पट रम ओतून बसलो होतो!

"एका बाटलीभर नमुन्यात नळी आपटली?" जुईनं भुवया उंचावल्या.

"मधे मधे बोलू नकोस. मी सायकल काढली."

बंगल्याच्या मागच्या दारात शरयू उभी होती. आतून माणसांचा गलका. तिनं हळूच विचारलं, "किती?"

आता मी काय सांगणार? मुलगी उद्या जाणार. घाबरवायची कशाला? मी म्हटलं, "बरोबर जमलंय."

ती माझ्याकडे बघत राहिली. "नक्की?"

"नक्की."

आत गेलो तर अनर्थ झालेला. आबासाहेबांची खुर्ची पाठमोरी मांडली होती, पण आक्कासाहेबांची मांडायला सगळे विसरले. त्यांना घंगाळ दिसलं. "अवो, ते लाल लाल काय हाय?" म्हणून त्यांनी एक पेला मागवला. तो प्यायल्या आणि दुसरा नवऱ्याच्या हातात दिला. मी पोचलो तेव्हा आबासाहेब तिसरा पेला रिकामा करून मिशा पुशीत होते.

"रेगे, सरबत लई झ्याक झालंय. कोकम ऱ्हाऊ द्या तुमचं. ह्येच आणा."

रेगेसाहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी बोटांनी खूण केली, म्हणजे, खूप आहे. त्यांनी ती खूण आठ अशी वाचली आणि ते निश्चिंत झाले. स्वतःसाठीही एक पेला भरून घेतला.

मग जे सुरू झालं ते सांगायला ह्या तोंडाला बळ नाही, तरी सांगतो. पहिल्यांदा सुभेदार साळोखे उठले. त्यांनी अंगणातल्या शेवग्याच्या झाडाला 'सावधान' केलं. झाड सावधान होतंच, म्हणून ते खूश झाले आणि त्याला नाईक म्हणून बढती दिली. भोपटकर दोन पेल्यांनंतर आकाशाशी बोलायचे थांबले आणि सरळ रेगेसाहेबांकडे गेले.

"रेगे," ते म्हणाले. तीन हंगामांनंतर पहिला शब्द.

"बोला," रेगेसाहेब म्हणाले.

"रस राहतो हो माझ्या चिपाडात."

"नाही नाही, भोपटकर. माझ्या नळ्या खोट्या आहेत."

"तुमच्या नळ्या खऱ्या आहेत! माझे रोलर झिजलेत!"

"असं म्हणू नका. फार गुणी रोलर आहेत!"

आणि दोघं गळ्यात गळा घालून रडायला लागले. कारकून मधे उभा राहून कुणाचा निरोप कुणाला सांगायचा ते न कळून तोही रडला. आक्कासाहेबांनी रेगेवहिनींचे हात धरले आणि फुगडी सुरू केली. आबासाहेब म्हणाले, "बायामान्सांनीच का?" आणि सुभेदारांचे हात धरून तेही फिरायला लागले. गळ्यातली माळ अशी आडवी उडत होती. घंगाळाच्या काठावर एक कावळा येऊन बसला, त्यानं एक फोड खाल्ली आणि तो उलटा उडत गेला. शेपूट पुढे, चोच मागे. बंगल्याच्या दारात एक बैल होता, त्यानं उरलेल्या फोडी खाल्ल्या आणि हंगाम संपलेला असताना एकट्यानं रिकामी गाडी ओढून वजनकाट्यावर नेऊन उभी केली.

"आजोबा, काहीही!" रोहन हसून हसून ओट्याला टेकला.

"मी म्हटलं ना, ठेवू नकोस विश्वास."

मग आबासाहेब घामाघूम होऊन खुर्चीवर बसले. "रेगे, ह्ये सरबत केलं कुणी?"

रेगेसाहेबांनी मला पुढे ढकललं. "ह्या पोंक्ष्यांनी. आमचा हंगामी केमिस्ट. गुणी मुलगा आहे."

"हंगामी? असा उतारा पडला त्या वर्षीबी हंगामी? आरं, लॅबोरेट्रीतली जेवढी पोरं हंगामी हायती तेवढी आजपासनं कायम! चेअरमन बोलतोय!"

अंगणात टाळ्या पडल्या. मी तिथेच उभा. कायम! क्वार्टर! पेरूचं झाड! पण सगळ्यांच्या डोक्यावरून मला दिसलं की ओसरीत शरयूची पेटी दोरीनं बांधून ठेवलेली आहे.

मी घंगाळाकडे गेलो. एक पेला प्यालो. दुसरा प्यालो. तिसऱ्याला मला कळलं की आता मी मी राहिलेलो नाही. पाय जमिनीला लागेनात. जीभ आपल्या मनानं चालायला लागली. पंच वाढायचं ओगराळं माझ्या हातात होतं, ते तसंच हातात घेऊन मी रेगेसाहेबांसमोर जाऊन उभा राहिलो, आणि सगळ्या स्टाफसमोर, चेअरमनसमोर, म्हटलं, "साहेब, शरयूला मुंबईला पाठवू नका."

"का?" रेगेसाहेब म्हणाले.

"फ्रीजवाल्याला नळी वाचता येत नाही."

भोपटकर म्हणाले, "रेगे, पोरगं बरोबर बोलतंय," पण ते कुणी ऐकलं नाही.

"पोंक्षे," रेगेसाहेब म्हणाले, "तुम्ही प्यायलेले आहात."

"हो साहेब."

"उद्या सकाळी सात वाजता या. शुद्धीवर असताना हेच म्हणालात तर विचार करीन. शरयूची गाडी साडेआठची आहे."

रोहननं रमची बाटली खाली ठेवली होती. जुईची लिंबं कधीच कापून झाली होती.

"गेलात तुम्ही सातला?" रोहननं विचारलं.

"सहालाच गेलो! आणि तेच म्हटलं. शब्द न् शब्द तेच." मी खुर्चीत मागे रेललो. "आणि तिथेच खरी मेख आहे, बाळा. रेगेसाहेबांना वाटलं मी शुद्धीवर आलोय. कुठला शुद्धीवर! असा तो पंच, सकाळीही उतरला नव्हता. दुपारीही नाही. तिसऱ्या दिवशी मला शुद्ध आली आणि बघतो तर अंगावर नवा सदरा, बोटात अंगठी, पुढ्यात पेढे आणि साखरपुडा झालेला! आता माणूस काय करणार? चारचौघांत दिलेला शब्द. म्हणून सांगतो, माझा ह्या लग्नात काडीचा दोष नाही. मी एवढा बुजरा माणूस, शुद्धीत असतो तर चारचौघांत असं बोललो असतो का? सगळं त्या पंचानं केलं. तेव्हा तू त्या बाटलीचं जपून..."

"खोटं."

मटाराची परात खाली ठेवल्याचा आवाज झाला. आमच्या सौ. खिडकीशी उभ्या होत्या. हातातल्या शेंगेचं टोक माझ्याकडे रोखलेलं.

"कावळा उलटा उडाला, मी ऐकून घेतलं," त्या म्हणाल्या. "बैलाचंही ऐकून घेतलं. पण साखरपुडा नशेत झाला, हे आज तुम्ही नव्यानं काढलंत."

"अगं, गोष्ट आहे..."

"रोहन, त्या पंचात रमचा थेंब नव्हता. माळकरी माणूस घरी येणार म्हटल्यावर आईनं आणि मी सगळ्या बाटल्या मोरीत ओतल्या आणि त्यात काळा चहा भरला. बाटल्या विसळल्या नाहीत, म्हणून वास तेवढा राहिला. फुगडी खरी, भोपटकरांचं रडणंही खरं. पण सगळे प्याले ते चहा आणि संत्र्याचा रस."

जुई किंचाळलीच. "आजी! म्हणजे आजोबांना माहीतच नव्हतं?"

"त्यांना?" आमच्या सौ. माझ्याकडे वळल्या. "अर्क काढून आले होते ते. मी दारात जीव मुठीत धरून उभी. आता हे आत जाऊन बाबांना सांगणार, सगळ्यांसमोर आमची शोभा होणार. मी विचारलं किती, तर हे म्हणाले, बरोबर जमलंय. आणि असे हसले! नळी तळाला आपटली म्हणे! सगळं कळलं होतं ह्यांना. त्यानंतर मुद्दाम तीन पेले प्याले, लोकांना दिसतील असे."

"आता इतक्या वर्षांनी मला कुठलं आठवायला..." मी म्हटलं.

"पोंक्षे!" हुबेहूब रेगेसाहेबांचा आवाज. "नळीनं काय दाखवलं होतं ते सांगा ह्या पोरांना."

मी रोहनकडे पाहिलं. जुईकडे पाहिलं. दोघंही माझ्या बाजूला नव्हते.

"शून्य," मी म्हटलं.

"शून्य पॉइंट शून्य," ती म्हणाली.